पेंधरच्या पुढे मेट्रो कधी? : निर्णय ज्यांच्या हाती आहे त्यांना खुले पत्र

प्रति,
नवी मुंबई मेट्रोच्या पुढच्या मार्गांचा निर्णय, निधी आणि वेळापत्रक ज्यांच्या हाती आहे ते सर्व अधिकारी व लोकप्रतिनिधी यांस,

सविनय नमस्कार.

२५ डिसेंबर २०२५ रोजी नवी मुंबई विमानतळावरून प्रवासी विमाने उडू लागली. या भागातल्या प्रत्येकाला त्याचा आनंद आहे, मलाही आहे. पण पेंधरहून तळोजा एमआयडीसी, तिथून कळंबोलीमार्गे खांदेश्वर आणि खांदेश्वरहून विमानतळ असा जो मेट्रोमार्ग वर्षानुवर्षे नकाशावर आहे, त्याचा पेंधरच्या पुढे एकही खांब उभा राहिलेला नाही. विमानतळ झाला आणि त्याला आमच्याकडून जोडणारी मेट्रो कागदावरच राहिली, ही गोष्ट मला गप्प राहून मान्य करता येत नाही. कार्यालयात अर्ज देऊन झाला, पोच मिळाली, उत्तर मिळाले नाही. म्हणून हे पत्र सगळ्यांसमोर लिहीत आहे. पेंधर स्थानकात रोज चढणाऱ्या-उतरणाऱ्या माणसांनी ते वाचावे आणि यात काही चुकीचे असेल तर आपण ते जाहीरपणे खोडून काढावे.

मी तळोजा फेज दोनमध्ये राहते. तळोजा एमआयडीसीतल्या एका औषध कंपनीत क्यूसी म्हणजे गुणवत्ता तपासणी विभागात नोकरी करते. आमच्या घरातून रोज तिघे तीन दिशांना बाहेर पडतात. माझे यजमान बेलापूरला, मी एमआयडीसीत, मुलगी पनवेलला कॉलेजात. या तीन दिशांपैकी एका दिशेला मेट्रो आहे आणि दोन दिशांना नाही. त्यामुळे मेट्रो असली की माणसाचा दिवस कसा जातो आणि नसली की कसा जातो, हे आमच्या एकाच घरात रोज दिसते.

यजमानांचे आधी सांगते, कारण जे चांगले झाले ते मोकळेपणाने सांगायला हवे. मेट्रो येण्यापूर्वी ते शेअर रिक्षाने खारघर स्टेशन गाठायचे आणि तिथून लोकल पकडायचे. रिक्षा भरेपर्यंत थांबायचे, उत्सव चौकात अडकायचे, ऑफिसात पोहोचेपर्यंत अर्धा जीव गेलेला असायचा. आता घरातून निघून जिना चढला की पुढे बेलापूरपर्यंत काळजी नाही. ११ किलोमीटरचा मार्ग, ११ स्थानके, गारेगार डबा. सप्टेंबर २०२४ मध्ये सिडकोने भाडे कमी केले आणि बेलापूर–पेंधरचे तिकीट ४० रुपयांवरून ३० रुपयांवर आले, त्याचा महिन्याच्या खर्चात फरक पडला. गर्दीच्या वेळी गाड्या पंधराऐवजी दहा मिनिटांनी सुटू लागल्या, तेही चांगले झाले. या मार्गावर काम करणाऱ्या कर्मचाऱ्यांबद्दल माझी तक्रार नाही. स्थानके स्वच्छ आहेत, गाड्या वेळेवर आहेत, वयस्कर माणसांना हात देणारी मंडळी आहेत.

आता मुलीचे. पेंधरहून पनवेल हे काही लांब गाव नव्हे. पण तिला दोनच पर्याय आहेत. एक म्हणजे पेंधर फाट्यावर येऊन मिळेल त्या शेअर ईको व्हॅनमध्ये किंवा बसमध्ये बसायचे आणि मुंब्रा–पनवेल रस्त्यावरच्या ट्रेलरच्या रांगेतून कळंबोली पार करायची. दुसरा म्हणजे मेट्रोने उलट्या दिशेला बेलापूरला जायचे आणि तिथून हार्बर लोकल पकडून खारघर, मानसरोवर, खांदेश्वर करत पनवेलला यायचे. पूर्वेला जाण्यासाठी आधी पश्चिमेला जायचे. पावसाळ्यात ती हाच दुसरा रस्ता धरते. वेळ जास्त लागतो, पैसे जास्त लागतात, पण मुलगी सुखरूप पोहोचेल एवढी खात्री असते. पेंधर–एमआयडीसी–खांदेश्वर मार्ग झाला असता तर हा वळसा कुणालाच पडला नसता.

आणि माझे, म्हणजे खरे तर माझ्यासारख्या हजारोंचे.

सकाळी साडेसहाच्या सुमाराला पेंधर स्थानकाखाली येऊन उभे राहा. वर गाडी थांबते आणि सरकत्या जिन्यावरून माणसे अक्षरशः धावत खाली येतात. पायात सेफ्टी शूज, पाठीला डब्याची सॅक, काहींच्या हातात हेल्मेट. फर्स्ट शिफ्ट सातला सुरू होते आणि गेटवर पंच उशिरा झाला की अर्धा दिवस कापला जातो. खाली रिक्षा उभ्या असतात. मागे तीन, पुढे चालकाच्या बाजूला चौथा, तो एका हाताने वरचा दांडा धरून अर्धा बाहेर. शेजारून केमिकलचे टँकर आणि कंटेनरचे ट्रेलर जात असतात. माझ्याबरोबर काम करणारी एक मुलगी नेरूळहून येते. ती सांगते, नेरूळपासून पेंधरपर्यंतच्या सगळ्या प्रवासात मला भीती वाटत नाही, शेवटच्या तुकड्यात वाटते. हा शेवटचा तुकडा म्हणजे मेट्रोच्या आराखड्यातली पेंधर ते एमआयडीसी ही जेमतेम चार किलोमीटरची मार्गिका.

मोठ्या कंपन्यांच्या स्वतःच्या बस आहेत हे मला माहीत आहे. पण त्या बसमध्ये कायम कामगार बसतात. ठेकेदाराकडे असलेले पॅकिंगवाले, लोडर, साफसफाईच्या बायका यांना त्या बसचा पास नसतो. औद्योगिक वसाहतीत सगळ्यात कमी पगार ज्यांना, त्यांनाच येण्याजाण्याचा सगळ्यात जास्त खर्च पडतो. एका दिशेच्या शेअर रिक्षाला मेट्रोच्या एका टप्प्याएवढे किंवा त्याहून जास्त पैसे जातात, आणि पाऊस असला की भाडे रिक्षावाला सांगेल ते. रिक्षावाल्यांना दोष देऊन मी मोकळी होणार नाही. त्यांनी ही सोय केली नसती तर आम्ही चालतच गेलो असतो, आणि चालायला त्या रस्त्याला धड पदपथही नाही.

सेकंड शिफ्ट रात्री अकराला सुटते. मेट्रो सुरू झाली तेव्हा तिची वेळ सकाळी सहा ते रात्री दहा अशी ठरवली गेली. बेलापूरच्या कार्यालयांसाठी ती ठीक असेल. ज्या मार्गाच्या एका टोकाला राज्यातल्या मोठ्या औद्योगिक वसाहतींपैकी एक आहे, त्या मार्गाची वेळ ठरवताना तिथल्या तीन पाळ्या कुणी विचारात घेतल्या होत्या का, हा माझा साधा प्रश्न आहे. शेवटची गाडी सुटून गेल्यावर गेटबाहेर पडणाऱ्या माणसाला मेट्रो असून नसल्यासारखीच.

रेल्वेचे म्हणाल तर दिवा–पनवेल मार्ग आमच्या उशालाच आहे. तळोजे पांचनंद, नावडे रोड ही स्थानके त्यावर आहेत. पण हार्बरसारखी दर काही मिनिटांनी धावणारी लोकल त्या रुळांवर नाही. थोड्या पॅसेंजर गाड्या, बाकी मालगाड्या आणि लांब पल्ल्याच्या गाड्या. त्यावर पाळी सांभाळता येत नाही.

या मार्गाचा इतिहास आपल्याला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे, तरीही तो इथे लिहिते, कारण पुढच्या मार्गाचे काय होईल याची भीती त्यातूनच येते. बेलापूर–पेंधर मार्गाचे भूमिपूजन १ मे २०११ रोजी झाले. ठेकेदार रखडले, बदलले, मुदती टळल्या. पुढे सिडकोने पुणे-नागपूरची मेट्रो बांधणाऱ्या महामेट्रोला बरोबर घेतले तेव्हा काम मार्गी लागले. गाडी धावली १७ नोव्हेंबर २०२३ रोजी. ११ किलोमीटरला साडेबारा वर्षे. २०११ साली पहिलीत गेलेले मूल मेट्रो सुरू होईपर्यंत दहावी ओलांडून गेले. सगळ्यात जास्त टोचणारी गोष्ट शेवटच्या महिन्यांतली आहे. सुरक्षेची प्रमाणपत्रे हाती आल्यावरही मार्ग काही महिने बंद राहिला, कारण उद्घाटनाची तारीख ठरत नव्हती. शेवटी समारंभ न करताच सेवा सुरू केली गेली. तो निर्णय योग्य होता. तो आधीच घेतला असता तर तो पावसाळा लोकांनी मेट्रोत काढला असता.

पुढच्या मार्गांचे तंत्रज्ञानही एका जागी ठरत नाही. २०२१ मध्ये असे सांगितले गेले की मार्ग २, ३ आणि ४ वर, म्हणजे पेंधरच्या पुढच्या तिन्ही तुकड्यांवर, मेट्रो निओ धावेल, म्हणजे वरच्या तारेतून वीज घेणारी, रबरी टायरची, बससारखी गाडी. स्वस्त पडेल म्हणून तो विचार असेल, आणि स्वस्त असणे हा गुन्हा नाही. पण त्याच वर्षीच्या केंद्रीय अर्थसंकल्पात नाशिकच्या मेट्रो निओसाठी २,०९२ कोटी रुपयांची घोषणा झाली होती. नाशिककरांना अजून त्या गाडीत बसायला मिळालेले नाही. शिवाय पेंधरपर्यंत रुळांवरची मेट्रो आणि पेंधरपासून टायरवरची निओ असे झाले, तर प्रत्येक प्रवाशाला पेंधरला उतरून गाडी बदलावी लागेल. नेरूळची माझी सहकारी आधी लोकल, मग मेट्रो, मग निओ असे तीन वेळा चढणार-उतरणार. सलग गाडी हवी की बदलायची, हा प्रश्न अभियंत्यांइतकाच प्रवाशांचाही आहे. तो ठरवताना आम्हाला विचारले जावे.

एवढे छोटे मार्ग परवडत नाहीत असे म्हटले जाते. पुण्याकडे पाहा. तिथे मेट्रोचे पहिले टप्पे ६ मार्च २०२२ रोजी सुरू झाले. पिंपरी ते निगडी हा साडेचार किलोमीटरच्या आतला वाढीव मार्ग ऑक्टोबर २०२३ मध्ये मंजूर झाला आणि त्याचे काम सुरू आहे. स्वारगेट–कात्रज हा साधारण साडेपाच किलोमीटरचा भुयारी मार्ग ऑगस्ट २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने मंजूर केला. पुणेकरांचा हेवा म्हणून हे सांगत नाही. शेवटच्या स्थानकापुढचे चार-पाच किलोमीटर जोडले की आधीचा सगळा मार्ग जास्त कामाला येतो, हे तिथे पटले आहे. निगडी आणि एमआयडीसी, दोन्हीकडे अंतर जवळजवळ तेवढेच आहे आणि दोन्हीकडे कामावर जाणारा माणूसच आहे.

आणखी एक गोष्ट आपल्या नजरेस आणून द्यायची आहे. कल्याण–तळोजा मेट्रो १२ चे भूमिपूजन मार्च २०२४ मध्ये झाले. कल्याणहून डोंबिवली एमआयडीसी, मानपाडा, निळजे, पिसार्वे, तळोजा करत ती अमनदूतला येणार, म्हणजे आमच्याच बेलापूर–पेंधर मार्गावर. ही मोठी गोष्ट आहे. कल्याण-डोंबिवलीची माणसे बेलापूरला आणि विमानतळाकडे जाण्यासाठी इथे येतील. उद्या या मार्गावर जंक्शन होणार आहे, आणि आज आमच्या स्थानकाखाली बसथांब्याला धड छप्पर नाही. अमनदूतला मेट्रो १२ आणि आमची मेट्रो अशा दोन वेगवेगळ्या यंत्रणांची स्थानके असतील. त्यांच्यामधला पादचारी पूल कुणी बांधायचा, तिकीट एकच असेल का, लिफ्ट असेल का, हे आताच ठरले पाहिजे. मुंबईत अनेक ठिकाणी दोन स्थानके हाकेच्या अंतरावर आहेत आणि मधे रस्ता, नाला, भिंत असल्यामुळे लोक रस्त्यातून पळतात. खांब उभे राहिल्यावर पूल सुचला तर तोही आधी वर्षानुवर्षे नकाशावरच राहील.

घरांचेही बोलायला हवे. २०१८ च्या सिडको सोडतीत सर्वाधिक घरे तळोजात होती. २०२४ च्या २६ हजार घरांच्या योजनेतही तळोजा होतेच. खासगी बिल्डरांच्या फलकांवर तर मेट्रोशिवाय दुसरा मजकूरच नसतो. माणसे इथे आली, कर्ज काढले, हप्ते सुरू झाले. आमचाही हप्ता सुरू आहे. ज्या भागात एवढी वस्ती आणायचे धोरण आहे, त्या भागातून बाहेर पडायला एकच दिशा ठेवणे हे नियोजन नव्हे. विमानतळावर सामान चढवणारे, सफाई करणारे, कॅन्टीन चालवणारे, सुरक्षेला उभे राहणारे लोक राहणार कुठे? त्यांना परवडणारी घरे तळोजा, नावडे, कळंबोली, कामोठे या पट्ट्यातच आहेत. दोन विमानतळ जोडणाऱ्या मोठ्या मेट्रोची चर्चा आम्ही वाचतो. ती जरूर व्हावी. पण विमानतळावर रोज जाणारा माणूस विमानात बसणाराच असतो असे नाही.

आणि ज्यांच्या जमिनीवर हे सगळे उभे आहे त्यांची आठवण करून देणे मला आवश्यक वाटते. नवी मुंबईसाठी ९५ गावांची जमीन घेतली गेली. त्या जमिनीच्या मोबदल्यासाठी १९८४ साली जासई-पागोटे परिसरात पाच जणांनी प्राण दिले. ओवे, पेठपाडा, पेंधर, तळोजा इथल्या गावांची शेते आज सेक्टर झाली आहेत आणि त्या गावांतली मुले एमआयडीसीत कामाला जातात. त्यांच्या शेताच्या जागेवरून मेट्रो जाते आणि त्यांच्या कामाच्या जागेच्या चार किलोमीटर अलीकडे थांबते.

आता मागण्या. त्या साध्या आहेत आणि मी त्या मला ज्या क्रमाने तातडीच्या वाटतात त्या क्रमाने लिहिते.

काहीही न बांधता उद्यापासून करता येईल अशी पहिली मागणी: पेंधर स्थानकाहून एमआयडीसीच्या आतल्या रस्त्यांपर्यंत आणि कळंबोलीमार्गे पनवेलपर्यंत मेट्रोच्या वेळेला जोडलेल्या बस सुरू करा. सातच्या, तीनच्या आणि अकराच्या पाळीला अर्धा तास आधी आणि अर्धा तास नंतर बस उभी असली तरी निम्मा प्रश्न सुटेल. परिवहन उपक्रम, महापालिका, औद्योगिक वसाहत यांच्यातली हद्द कुणाची हा वाद प्रवाशापर्यंत येऊ नये. आपण एकत्र बसून तो आत मिटवावा.

दुसरी: शेवटची मेट्रो सेकंड शिफ्ट सुटल्यावर तासाभराने निघेल अशी वेळ ठेवा आणि पहिली गाडी सातच्या पाळीला आरामात पोहोचता येईल इतकी लवकर सोडा. रात्रीच्या देखभालीला वेळ लागतो हे मान्य आहे. मग निदान सोमवार ते शनिवार प्रयोग करून पाहा आणि प्रवासी किती मिळाले ते आम्हाला सांगा.

तिसरी: स्थानकापासून फाट्यापर्यंत पदपथ, दिवे, रिक्षांना ठरलेली जागा, लावलेले दरपत्रक आणि बसथांब्याला छप्पर. रेल्वेखालचा तळोज्याचा भुयारी मार्ग पावसात तुंबतो, त्याचा उपसा पावसाळ्याआधी तपासून घ्या.

चौथी, आणि मुख्य: पेंधर–एमआयडीसी मार्गिका आधी बांधा. तीनही मार्गांचा निधी एकत्र जमेपर्यंत या चार किलोमीटरना थांबवू नका. डेपो तळोजातच आहे, गाड्या तिथेच उभ्या राहतात, म्हणजे हा तुकडा सगळ्यात लवकर वापरात येऊ शकतो. त्याच्या पाठोपाठ खांदेश्वर आणि विमानतळ. तंत्रज्ञान एकदाच ठरवा, आणि पेंधरला गाडी बदलावी लागणार असेल तर तसे आधी सांगून लोकांचे म्हणणे ऐका.

पाचवी: अमनदूतच्या जोडपुलाचा आराखडा दोन्ही यंत्रणांनी मिळून प्रसिद्ध करावा. एक तिकीट, लिफ्ट आणि पावसापासून आडोसा या तीन गोष्टी त्यात असाव्यात.

आणि पुढचा मार्ग जेव्हा केव्हा तयार होईल, तेव्हा सुरक्षा प्रमाणपत्र मिळाल्यापासून ठरावीक दिवसांत तो लोकांसाठी खुला होईल असा निर्णय आजच करून ठेवा. समारंभ नंतर कधीही करता येईल, आम्हीही आनंदाने येऊ.

या पत्राचे उत्तर मला व्यक्तिशः नको. पेंधर स्थानकात तिकीट खिडकीजवळच्या भिंतीवर मराठीत एक फलक लावा. मार्ग २, ३ आणि ४ यांची मंजुरी कुठे आहे, तंत्रज्ञान कोणते, पैसे कुठून येणार, काम कोणत्या महिन्यात सुरू होणार, एवढे त्यावर लिहा, आणि दर तीन महिन्यांनी तो बदला. काम पुढे सरकले नसेल तर सरकले नाही असे लिहा आणि कारण लिहा. तो फलक येत्या पावसाळ्याच्या आत लागावा, ही विनंती.

कळावे,
आपली विश्वासू,
तळोजा फेज दोनमधील एक रहिवासी आणि पेंधर स्थानकातली रोजची प्रवासी